लवादाच्या वर कोण?

माझ्या मायने आयुष्यात कायद्याचा एकच प्रश्न विचारला, आणि त्याचे उत्तर मला तेव्हा देता आले नाही. मी नुकताच भूम तालुक्यातल्या एका शाळेवर मास्तर म्हणून लागलो होतो. घरात पहिला पगार आला होता, पण माय-बाचा कोयता अजून खाली ठेवला गेलेला नव्हता. मागच्या हंगामाची उचल फिटली नव्हती. दसरा झाला की मुकादमाची गाडी वस्तीवर यायची, पत्र्याची पेटी, पिठाचा डबा, कोंबड्या, लेकरे असे सगळे बिऱ्हाड तीत चढायचे आणि घाटाखालच्या कारखान्याकडे निघायचे. त्या वर्षी गाडी आली नव्हती. संप होता. संप मिटवायला लवाद बसणार आहे, असे चावडीवर कोणीतरी वर्तमानपत्रातून वाचून दाखवले होते.

मायने मला विचारले, "लवाद म्हंजी काय रं?"

मी समजावून सांगितले : दोन्हीकडची माणसे एक-एक मोठा माणूस नेमतात, ते बसून दर ठरवतात, तो दोघांनी मानायचा.

ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "आन् त्यानं कमी दिलं तर? लवादाच्या वर कोन हाय?"

"वर कोणी नाही, माय. त्यानं ठरवलं की संपलं."

"मंग त्यो देवच म्हनायचा की," असे म्हणून ती हसली आणि भाकरी थापायला बसली.

तिच्या ह्या हसण्याने मला पुढची कित्येक वर्षे स्वस्थ बसू दिले नाही. मी वकील नाही. शिकवण्याच्या आणि चळवळीच्या कामातून उरलेल्या वेळात कामगार कायद्याची पुस्तके वाचली, जिल्ह्याच्या कोर्टातल्या दोन-तीन वकिलांना त्रास दिला, निकाल समजून घेतले. त्यातून जे हाती लागले ते इथे मांडतो आहे. आपल्या चळवळीत जमिनीच्या, राखीव जागांच्या, अत्याचाराच्या खटल्यांवर पुष्कळ लिहिले गेले, आणि ते लिहिले जाणे आवश्यकच होते. पण मजुरीचा वाद कोण सोडवतो आणि सोडवणाऱ्याची चूक कोण तपासतो, ह्या प्रश्नाकडे आपण फारसे वळलो नाही. आपल्यातले निम्मे लोक ज्या मजुरीवर जगतात तिच्याबाबतीत हे व्हावे, ह्याचे मला नवल वाटते.

सुरुवात बाबासाहेबांपासून करावी लागेल. ती उपचार म्हणून नव्हे. १९३८ च्या सप्टेंबरात मुंबईच्या कायदेमंडळापुढे औद्योगिक कलहाचे विधेयक आले. काँग्रेसचे मंत्रिमंडळ होते. विधेयकाचा आशय असा : मालक-मजुरांत वाद झाला तर आधी समेटाची सारी पायरी चढायची, ती संपेपर्यंत संप करायचा नाही, केला तर तो बेकायदेशीर आणि मजूर शिक्षेस पात्र. स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते म्हणून बाबासाहेबांनी ह्या विधेयकाला कसून विरोध केला. त्यांचा मुद्दा साधा होता. काम सोडणे हा फार तर कराराचा भंग आहे. त्याची भरपाई दिवाणी कोर्टात मागावी. त्यासाठी माणसाला तुरुंगात घालणे म्हणजे त्याच्याकडून त्याच्या मर्जीविरुद्ध काम करून घेणे, आणि मर्जीविरुद्ध करून घेतलेल्या कामाला गुलामगिरी हेच नाव आहे. संपाचा हक्क हा स्वातंत्र्याचाच हक्क आहे, असे त्यांनी सभागृहाला बजावले. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी ह्या विधेयकाविरुद्ध मुंबईत एक दिवसाचा संप झाला. त्यात स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट खांद्याला खांदा लावून उतरले. विधेयक तरीही कायदा झाले आणि त्याच कायद्याने औद्योगिक न्यायालय अस्तित्वात आले.

ह्या प्रसंगाचे स्मरण आपण नेहमी संपाच्या बाजूने करतो. त्यात दुसरीही एक बाजू आहे. बाबासाहेबांचा तडजोडीला किंवा तिऱ्हाइताच्या निवाड्याला सरसकट विरोध नव्हता. पुढे १९४२ ते १९४६ ह्या काळात ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य झाले, तेव्हा सरकार, मालक आणि मजूर ह्या तिघांना एका टेबलाशी बसवणाऱ्या त्रिपक्षीय परिषदा त्यांनीच चालवल्या. त्यांचा विरोध सक्तीला होता. मजुराच्या हातातले हत्यार आधी काढून घ्यायचे आणि मग त्याला निवाड्यापुढे उभे करायचे, हा व्यवहार त्यांना मान्य नव्हता. ज्याच्या हातात काहीच नाही त्याच्यासाठी बसलेला लवाद, मग तो कितीही सज्जन असो, शेवटी दयेवर चालतो.

आमच्या जिल्ह्याशी ह्याचा संबंध काय, असे कोणी विचारील. त्या वेळी आम्ही मुंबई इलाख्यात नव्हतो, निजामाच्या राज्यात होतो. मुंबईचा कायदा आम्हाला लागू नव्हता आणि मुंबईचा संपही नव्हता. पण २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ ला बाबासाहेब आमच्या जिल्ह्यात कसबे तडवळे येथे आले. महार-मांग वतनदारांची परिषद तिथे भरली होती. गावकीच्या कामाला तेव्हा मजुरी हा शब्द नव्हता. वतन होते, बलुते होते. काम काय, किती, कोणत्या वेळी, ह्याला माप नव्हते आणि बदल्यात काय मिळणार ह्यालाही नव्हते. मुंबई कायदेमंडळात १९२८ सालीच बाबासाहेबांनी वतनाच्या कायद्याला दुरुस्ती सुचवणारे विधेयक मांडले होते, त्याचे मर्म हेच होते की सरकारचे काम करणाऱ्याला ठरलेले वेतन मिळाले पाहिजे, ते रयतेच्या खळ्यावर अवलंबून असता कामा नये. बलुत्याचा वाद झाला तर तो मिटवणार कोण? पाटील आणि पंच. म्हणजे ज्यांच्या खळ्यावर हात पसरायचा तेच निवाडा करणार. त्यांच्या वर कोण? मायच्या प्रश्नाचे मूळ इतके मागे जाते.

आता कायदा. देशाचा औद्योगिक विवाद कायदा १९४७ चा. त्यात आधी लवादाला वेगळे स्थान नव्हते. सरकार वाद न्यायाधिकरणाकडे पाठवी. १९५६ च्या दुरुस्तीने कलम १०-अ आले. मालक आणि कामगार दोघांनी लेखी करार करून आपला वाद आपल्या पसंतीच्या लवादाकडे सोपवायचा. कराराची प्रत सरकारला द्यायची, सरकारने तो राजपत्रात छापायचा, मग लवादाने चौकशी करून निवाडा सरकारला सादर करायचा, तोही छापला जायचा आणि काही दिवसांनी अमलात यायचा. व्यापाऱ्यांच्या लवादाचा जो कायदा आहे तो इथे लागू नाही, असेही त्याच कलमात स्पष्ट सांगितले होते. १९६४ मध्ये आणखी एक भर पडली : करारावर सही करणारे बहुसंख्यांचे प्रतिनिधी आहेत अशी सरकारची खात्री झाली तर तशी अधिसूचना काढायची, मग ज्यांनी सही केली नाही पण ज्यांचा वादाशी संबंध आहे अशांनाही लवादापुढे आपले म्हणणे मांडण्याची संधी मिळायची. अर्थात त्याची किंमतही होती. अशी अधिसूचना निघाली की चालू असलेला संप बंद करण्याचा हुकूम सरकार काढू शके. १९३८ चा पेच इथे पुन्हा दारात उभा राहतो.

मग अशा लवादाने चूक केली तर? कायद्यात अपिलाची तरतूद नव्हती. हा प्रश्न १९६२ साली सर्वोच्च न्यायालयापुढे आला, आणि आला तो मुंबईहूनच. हिंद सायकल्स कंपनीच्या कामगारांच्या वतीने इंजिनिअरिंग मजदूर सभेने लवादाच्या निवाड्याविरुद्ध थेट सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली होती. निकाल लिहिला न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी. हे साताऱ्याचे, पुढे सरन्यायाधीश झाले आणि त्यानंतर पहिल्या राष्ट्रीय श्रम आयोगाचे अध्यक्षही. त्यांनी म्हटले ते थोडक्यात असे : औद्योगिक न्यायाधिकरण हे राज्यसत्तेच्या न्यायदानाच्या अधिकाराचा अंश घेऊन बसलेले असते, म्हणून त्याच्या निवाड्याविरुद्ध घटनेच्या कलम १३६ खाली सर्वोच्च न्यायालयात येता येते. लवादाला हा अधिकार पक्षकारांच्या करारातून मिळतो, म्हणून तो त्या अर्थाने न्यायाधिकरण नव्हे, आणि कलम १३६ चे दार त्याच्या निवाड्याला उघडणार नाही. पण त्याचबरोबर हेही म्हटले की १०-अ चा लवाद हा दोन व्यापाऱ्यांनी नेमलेल्या खाजगी पंचासारखा नाही. कायद्याने त्याला काही अधिकार आणि त्याच्या निवाड्याला काही बळ दिले आहे, तेव्हा कलम २२६ खाली उच्च न्यायालयाचा मार्ग बंद आहे असे समजू नये.

त्या खटल्यात हरले कामगार. दिल्लीचे दार बंद झाले. पण उच्च न्यायालयाची जी खिडकी उघडी राहिली तिच्यातून चौदा वर्षांनी दुसरे कामगार आत आले. बिहारातल्या रोहतास इंडस्ट्रीजच्या वादात लवादांनी अजब निवाडा दिला होता. संप बेकायदेशीर होता, तेव्हा संपामुळे कंपनीचे जे नुकसान झाले ते कामगारांनी भरून द्यावे! पाटणा उच्च न्यायालयाने हा भाग रद्द केला. कंपनी सर्वोच्च न्यायालयात गेली आणि म्हणाली की लवाद हा खाजगी माणूस आहे, त्याच्यावर रिट चालत नाही. १९७६ साली प्रसिद्ध झालेल्या ह्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ते म्हणणे फेटाळले. कलम १०-अ चा लवाद कायद्याने घडवलेल्या यंत्रणेचा भाग आहे, त्याचा निवाडा सही न करणाऱ्यांनाही बांधू शकतो, म्हणून तो उच्च न्यायालयाच्या देखरेखीखाली येतो. आणि बेकायदेशीर संपाची जी शिक्षा कायद्याने सांगितली आहे तीच. नुकसानभरपाईची नवी शिक्षा लवादाला आपल्या मनाने काढता येणार नाही.

हे सगळे कोर्टातल्या शब्दांचे खेळ आहेत असे वाटेल. तसे ते नाहीत. रिटचे दार बंद असते तर त्या कामगारांच्या माथी संपाच्या नुकसानीचा बोजा कायमचा बसला असता, आणि देशातल्या प्रत्येक मालकाने पुढच्या संपाच्या वेळी हा निवाडा दाखवला असता.

त्यानंतर १९७९ चा गुजरात स्टील ट्यूब्सचा निकाल. अहमदाबादच्या ह्या कारखान्यात १९७३ ला संप झाला, व्यवस्थापनाने संपकऱ्यांना कामावरून कमी केले, वाद लवादाकडे गेला आणि लवादाने व्यवस्थापनाची कृती योग्य ठरवली. उच्च न्यायालयाने तो निवाडा उलटवला. सर्वोच्च न्यायालयात वाद असा झाला की १९७१ ला कायद्यात आलेले कलम ११-अ, म्हणजे शिक्षा गुन्ह्याच्या मानाने जास्त असेल तर ती कमी करून कामगाराला परत घेण्याचा अधिकार, हा लवादाला आहे काय? कलमात लवादाचा शब्दाने उल्लेख नव्हता. कृष्ण अय्यर आणि त्यांच्याशी सहमत न्यायमूर्तींनी म्हटले की आहे. आणि लवादाने तो वापरला नाही, तर उच्च न्यायालयाला ते दुरुस्त करता येते. न्यायमूर्ती कोशल यांनी वेगळे मत दिले. कामगार बहुतांशी परत कामावर आले. मात्र १९७३ ते १९७९, एवढी वर्षे त्यांच्या चुली कशा पेटल्या, ह्याची नोंद निकालपत्रात असणार नाही.

न्यायालय लवादाचा निवाडा तपासते म्हणजे नेमके काय करते, हे आपल्या कार्यकर्त्यांनी नीट समजून घेतले पाहिजे, कारण ह्याबद्दल भाबडी आशा फार आहे. उच्च न्यायालय वाद पहिल्यापासून ऐकत नाही. साक्षी पुन्हा तोलत नाही. बारा टक्के वाढ द्यायची की पंधरा, हे ते सहसा ठरवत नाही. ते पाहते की लवादाला जो प्रश्न सोपवला होता त्याच्या बाहेर तो गेला काय. दोन्ही बाजूंचे ऐकून घेतले काय. निवाड्याच्या कागदावरच डोळ्यांना दिसेल अशी कायद्याची चूक आहे काय. आणि कसलाच पुरावा नसताना निष्कर्ष काढला काय. सय्यद याकूब यांच्या खटल्यात गजेंद्रगडकरांनीच १९६३ च्या सुमारास ह्या मर्यादा आखून दिल्या. तो वाद बसगाडीच्या परवान्याचा होता, पण मोजपट्टी तीच चालू राहिली. म्हणजे कमी दर दिला एवढ्यावर लवादाचा निवाडा मोडत नाही. पण मजुराला न ऐकता दर दिला, हिशेब न पाहता दिला, कारण न सांगता दिला, तर तो मोडू शकतो. मायला मी त्या दिवशी हे सांगू शकलो असतो तर ती म्हणाली असती, एवढं बी लई हाय.

आणि इथेच खरी गोम आहे. हे एवढेसुद्धा तिच्यासाठी नव्हते.

साखर कारखान्याला फाटक असते. फाटकाच्या आतला फिटर, खलाशी, कारकून, बॉयलरवरचा माणूस हा कायद्याच्या भाषेत कामगार. त्याची संघटना नोंदलेली, त्याचा वेतनमंडळाशी संबंध, त्याच्यासाठी कामगार न्यायालय. आमच्या जिल्ह्यातही ढोकीला तेरणा कारखाना उभा राहिला तेव्हा शिकलेल्या पोरांची स्वप्ने ह्या फाटकाशी येऊन थांबत. फाटकाबाहेर उसाच्या फडात कोयता चालवणारा मात्र कोणाचाच कामगार नाही. कारखान्याच्या हजेरीपटावर तो नाही. कारखान्याचा करार मुकादमाशी. मुकादमाची उचल मजुराला. मजुराचा अंगठा मुकादमाच्या वहीत. ऊस शेतकऱ्याचा, तोडणीची चिठ्ठी कारखान्याची, गाडी तिसऱ्याची. विचारायला गेले की प्रत्येकजण दुसऱ्याकडे बोट दाखवतो.

ह्याच्या मुळाशी एक जुना कागद आहे. मुंबई औद्योगिक संबंध कायदा १९४६ हा साखरधंद्याला लागू करताना १९५२ ला सरकारने अधिसूचना काढली. तिच्यात साखर तयार करण्याच्या धंद्याबरोबर, कारखान्याच्या मालकीच्या किंवा कारखान्याला जोडलेल्या शेतावरची ऊस लागवड आणि त्या लागवडीशी संबंधित कामेही आली. ह्या अधिसूचनेत कोण बसतो आणि कोण नाही ह्यावर १९६० साली गोदावरी शुगर मिल्सचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. वाद होता मुंबईच्या मुख्य कचेरीतल्या एका नोकराचा. न्यायालयाने म्हटले, तो बसत नाही. मी हा निकाल वाचताना फडातल्या माणसाचा विचार करत होतो. ती अधिसूचना खाजगी कारखान्यांच्या काळातली, जेव्हा कारखान्याची स्वतःची हजारो एकर शेते असत. पुढे सहकार आला. शेत सभासदाचे झाले, कारखाना संस्थेचा झाला, आणि माझ्या वाचनाप्रमाणे तोडणारा माणूस ह्या दोहोंच्या मधल्या बांधावर पडला. सहकाराने शेतकऱ्याला साखरेचा मालक केले ह्याबद्दल त्याचे गोडवे गायले जातात, त्यात खोटे काही नाही. पण ह्याच सहकाराने तोडणाऱ्याला मालकच ठेवला नाही, आणि मालकच नसेल तर वाद कोणाशी घालायचा?

तरी वाद झाले. ऊसतोड मजुरांचे संप झाले, आणि मोठे झाले. बबनराव ढाकणे, गोपीनाथ मुंडे अशा नेत्यांनी ते लढवले. पुढे राज्याच्या साखर संघाच्या बाजूने शरद पवार आणि मजुरांच्या बाजूने मुंडे असा लवाद रूढ झाला. २०१४ मध्ये मुंडे गेल्यावर पंकजा मुंडे त्या जागी आल्या. २०२० च्या ऑक्टोबरात १४ टक्के वाढ ठरली, २०२४ च्या जानेवारीत ३४ टक्के. ह्या वाढी खोट्या नाहीत. ज्या माणसांनी त्या मिळवून दिल्या त्यांचे ऋण मजुरांच्या मनात आहे आणि ते असू द्यावे. आम्हीही त्याच वाढीव दराची भाकरी खाल्ली आहे.

पण हा लवाद कायद्यातला लवाद आहे काय? मला तो त्या चौकटीत बसलेला कुठे दिसला नाही. संघ आणि संघटना यांच्यातला तो समझोता आहे. नाव लवादाचे, काम तडजोडीचे. १९८९ साली कर्नाल लेदरच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की लवादाचा करार राजपत्रात प्रसिद्ध होणे ही नुसती औपचारिकता नाही. लवादाने वादात हात घालण्यापूर्वी ती प्रसिद्धी झालीच पाहिजे, कारण तिच्यामुळेच ज्यांनी सही केली नाही त्यांना कळते की आपल्या पोटाचा निवाडा कुठे चालला आहे. ह्या कसोटीवर पाहिले तर फडातल्या माणसाला काय कळते? मुकादम सांगेल ते. लवादापुढे कोणते हिशेब ठेवले, डिझेलचा भाव धरला की बैलाच्या चाऱ्याचा, वाढे कोणाचे मानले, खाड्याच्या दंडाचा विचार झाला की नाही, हे त्याला कोणी सांगत नाही. आणि राजपत्र नाही, लेखी सोपवणूक नाही, म्हणून निवाडाही कायद्याचा नाही. निवाडा कायद्याचा नाही म्हणून १०-अ च्या वाटेने रिटही नाही. रोहतासच्या कामगारांसाठी जी खिडकी उघडली ती आमच्या भिंतीत काढलेलीच नव्हती.

बाईचे तर विचारूच नका. कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. दर कोयत्याचा, उचल कोयत्याला, नाव नवऱ्याचे. मोळी तिने बांधायची, डोक्यावरून गाडीत तिने टाकायची आणि हिशेबाच्या वहीत तिचे नाव नाही. १९६४ च्या दुरुस्तीत सही न केलेल्याला म्हणणे मांडण्याची संधी सांगितली होती. ती कधी ह्या फडापर्यंत आली असती तर लवादापुढे अर्धा कोयता म्हणून नव्हे, स्वतःच्या नावाने माय उभी राहू शकली असती. एका हंगामात ती तापाने आजारी पडली. जितके दिवस ती कोपीत पडून होती तितक्या दिवसांचा खाडा मुकादमाने दोघांच्या नावे लावला, आणि पट्टा पडला तेव्हा उचल फिटण्याऐवजी वाढलेली निघाली. बाने तक्रार कोणाकडे करायची? मुकादम म्हणाला कारखान्याचा नियम आहे. कारखान्याच्या शेतकी कचेरीतल्या साहेबाने सांगितले, तुमचा मुकादम जाणे. पुढच्या दसऱ्याला गाडीत बसण्यावाचून गत्यंतर नव्हते.

उचल घेऊन काम, आणि फिटेपर्यंत दुसरीकडे जाता येत नाही, ह्याला कायद्यात एक नाव आहे. वेठबिगार नष्ट करणारा कायदा १९७६ चा. बंधुआ मुक्ती मोर्चाच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने १९८० च्या दशकातच सांगितले की मजुराकडून सक्तीने काम घेतले जात आहे असे दिसले की ते उचलीच्या बदल्यात आहे असे गृहीत धरावे, आणि तसे नाही हे मालकाने सिद्ध करावे. तो निकाल हरियाणातल्या दगडखाणींचा होता. आमच्याकडे कोणी तो मुकादमाच्या वहीवर ठेवून पाहिला नाही. मीही पाहिला नाही, हे कबूल करतो. मास्तर असूनही मला भीती वाटत होती. बाचा कोयता त्याच मुकादमाकडे होता.

आपल्यातले काही जुने कार्यकर्ते माझ्याशी वाद घालतात. ते म्हणतात, मास्तर, कोर्टाच्या नादी कशाला लागता? लवाद महिन्याभरात दर देतो, कोर्ट सहा वर्षे घेईल. मालकांकडे वकिलांची फौज. उद्या लवादाने चांगला दर दिला तर तेच रिट घेऊन जातील आणि स्थगिती आणतील. हे म्हणणे हसण्यावारी नेण्यासारखे नाही. अंतराची गोष्टही त्यांच्या बाजूने आहे. आमचा जिल्हा १९५६ पर्यंत हैदराबादच्या उच्च न्यायालयाखाली होता, मग मुंबईच्या. २७ ऑगस्ट १९८१ ला औरंगाबादला खंडपीठ सुरू झाले तोपर्यंत कलम २२६ चा अर्ज करायचा म्हणजे मुंबईची गाडी पकडायची. ते खंडपीठसुद्धा सुखासुखी मिळाले नाही. ते वैध आहे की नाही हाच वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. कोयत्यावरचा माणूस तिथे कसा पोचणार होता?

तरीही मी त्यांच्याशी सहमत नाही. तपासणी आहे एवढ्याने काही प्रत्येक निवाडा कोर्टात जात नाही. पण तपासणी होऊ शकते हे माहीत असलेला लवाद वेगळा वागतो. तो दोन्ही बाजूंना बोलावतो, कारणे लिहितो, कागद जपून ठेवतो. आपल्या नेत्यावरचा विश्वास ही वेगळी गोष्ट आणि नेत्याने काय ठरवले ते वाचायला मागणे ही वेगळी. दुसरी मागणी केली की पहिली नाकारली असे आपल्याकडे का समजतात, हे मला उमगलेले नाही.

गेल्या काही वर्षांत थोडी हालचाल झाली. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने ऊसतोड मजुरांचे कल्याणकारी महामंडळ झाले, गाळलेल्या टनामागे कारखान्याने रक्कम द्यायची असे ठरले. २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका वर्तमानपत्रातल्या लेखावरून ऊसतोड मजुरांच्या हालाची स्वतःहून दखल घेतली. म्हणजे न्यायालय शेवटी फडाकडे आले. पण ते आले करुणेच्या वाटेने, पाणी आहे काय, शौचकूप आहे काय हे विचारत. मजुरीचा निवाडा तपासायला नव्हे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४७ चा कायदा जाऊन त्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता लागू झाली. तिच्यातही लेखी कराराने वाद लवादाकडे सोपवण्याची तरतूद आहे. फडातला माणूस तिच्या व्याख्येत बसतो की पुन्हा बांधावर राहतो, हे कोणीतरी तो प्रश्न लावून धरील तेव्हा कळेल. त्यासाठी आधी एखाद्या संघटनेने लवादाला लेखी सोपवणूक मागितली पाहिजे, आणि तिच्यात मालक म्हणून कारखान्याचे नाव लिहून घेतले पाहिजे. सगळी मेख त्या एका नावात आहे.

जाता जाता एक. उस्मानाबादचे धाराशिव झाले. त्या नावाचा वाद मुंबई उच्च न्यायालयात रीतसर चालला, दोन्ही बाजू ऐकल्या गेल्या, आणि २०२४ च्या मे महिन्यात न्यायालयाने याचिका फेटाळल्या. माझे कोणत्याच नावाशी भांडण नाही. त्या दिवसांत मी बातम्या वाचत होतो आणि मला एवढेच वाटत होते की जिल्ह्याच्या नावाला जी सुनावणी मिळाली ती जिल्ह्याच्या मजुरीला मिळायची आहे.

माय जाऊन आता बरीच वर्षे झाली. २०२४ ला वाढ जाहीर झाली तेव्हा माझा एक जुना विद्यार्थी, जो आता स्वतः टोळी घेऊन जातो, मला भेटायला आला. मी त्याला म्हटले, लवादाच्या निर्णयाची प्रत मिळेल तेवढी बघ, मला वाचायची आहे. चार दिवसांनी त्याने फोनवर फोटो पाठवला. तो वर्तमानपत्राच्या कात्रणाचा होता. मी म्हटले, ही बातमी झाली, मला निर्णय हवा. तो म्हणाला, "सर, आमाला तरी हेच दावलं."